पांढरीवरचा काचमणी: तो काय सांगतो, काय सांगत नाही

पहिले चार पाऊस झाले की गावाबाहेरच्या पांढरीची, म्हणजे जुन्या वस्तीच्या टेकाडाची, माती धुपते आणि खापरं, शंखांचे तुकडे, हाडं उघडी पडतात. त्यांत कधी तिळाएवढा, कधी हरभऱ्याएवढा रंगीत मणी असतो, कधी बांगडीचा तुकडा. पैठण, तेर, नेवासे, भोकरदन अशा जुन्या गावांच्या आसपास राहणाऱ्यांना याचं फारसं नवल वाटत नाही. पुष्कळ घरांत असे मणी डबीत पडून असतात, कुणी ते हौसेनं दोऱ्यात ओवलेलेही असतात. हा लेख त्या डबीच्या मालकांसाठी आहे. इतिहास शिकवणारे शिक्षक आणि पुरातत्त्वाकडे वळू पाहणारे विद्यार्थी यांनाही तो उपयोगी पडावा.

एक गोष्ट आधीच पक्की करून घ्या. काचेचा मणी प्रयोगशाळेत नेला तर तो कोणत्या जातीच्या वाळूचा आणि कोणत्या खाराचा झाला हे सांगता येतं. तो किती जुना आहे हे मात्र नुसत्या मण्यावरून कळत नाही. कोळसा, हाड, जळकं धान्य यांत कार्बन असतो, म्हणून रेडिओकार्बन पद्धतीनं त्यांचं वय काढता येतं. काचेत ती सोय नाही. खापरांना लागू पडणारी तापदीप्ती पद्धतही काचेवर भरवशाची ठरत नाही. मण्याचं वय ठरतं ते तो कोणत्या थरात, कोणत्या खापरांच्या आणि नाण्यांच्या सोबतीनं निघाला यावरून. मणी उचलून डबीत टाकला की वयाचा मुख्य पुरावा जातो. मागे राहतं ते रसायन, आणि त्यावरून फार तर अर्धी हकीकत कळते.

म्हणून कुदळ किंवा खुरपं लावून मणी शोधू नका. स्थळ संरक्षित असेल तर वर पडलेलंही काही उचलायचं नाही, आणि परवान्यावाचून उत्खनन करणं हा गुन्हाच आहे. स्वतःच्या शेतात जमिनीत पुरलेलं काही मोलाचं निघालं तर ते जिल्हाधिकाऱ्यांना कळवण्याचं बंधन निखात निधीच्या १८७८ च्या कायद्यानं घातलेलं आहे, आणि त्यातली किमतीची मर्यादा आजही फक्त दहा रुपये आहे. शंभर वर्षांहून जुनी वस्तू देशाबाहेर नेण्यावर १९७२ च्या पुरावस्तूविषयक कायद्याची बंदी आहे. परदेशातल्या नातलगांना ‘आपल्या गावची आठवण’ म्हणून जुने मणी पाठवणाऱ्यांनी हे विशेष लक्षात ठेवावं.

पाण्यानं उघडी पडलेली वस्तू दिसली तर ती जिथे आहे तिथेच तिचा फोटो काढा, शेजारी पट्टी किंवा नाणं ठेवून. मोबाइलमध्ये जागेचे अक्षांश-रेखांश नोंदवा. भोवती पडलेल्या खापरांचाही फोटो घ्या: तांबडी आहेत, काळी-तांबडी आहेत, की चकाकत्या लेपाची. तज्ज्ञाला बहुतेक वेळा मण्यापेक्षा या फोटोचाच जास्त उपयोग होतो. मग राज्याच्या पुरातत्त्व संचालनालयाच्या विभागीय कार्यालयाला किंवा जवळच्या विद्यापीठातल्या पुरातत्त्व विभागाला कळवा.

डबीत आधीपासूनच मणी असतील तर ते आपसात मिसळू नका. प्रत्येक जागेचं पाकीट वेगळं ठेवा. आजीला किंवा काकांना ते कुठे सापडले होते हे आजच विचारून चिठ्ठीवर लिहा. ‘वरच्या मळ्यात, विहिरीच्या पूर्वेला’ एवढी नोंदसुद्धा चालेल. नोंद मुळीच नसेल तर तो मणी अभ्यासाच्या दृष्टीनं जवळपास मुका होतो.

काच आहे की आणखी काही

दहापट मोठं दाखवणारं भिंग घ्या. घड्याळजी आणि सराफ वापरतात ते पुरेसं असतं. मणी खिडकीच्या उजेडात धरून आधी बुडबुडे शोधा. काचेच्या पोटात हवेचे गोल किंवा लांबट बुडबुडे असतात, अकीक किंवा गारगोटीच्या मण्यात असे बुडबुडे नसतात. नंतर भोक पाहा. दगडी मण्याचं भोक छिद्रकानं पाडलेलं असतं. बहुतेकदा ते दोन्ही बाजूंनी पाडत आणण्याची पद्धत असल्यामुळे मध्ये जरासा खांदा राहतो आणि आत फिरकीच्या रेघा दिसतात. काचेच्या मण्याचं भोक घडवतानाच तयार होतं, त्यामुळे ते आतून बहुधा गुळगुळीत असतं. कठीणपणा पाहायला मणी ओरखडू नका. पुस्तकांत ती कसोटी दिलेली असते, पण ती सोन्याच्या कसासारखी कुठेही लावायची नसते.

पारदर्शक मण्यासाठी एक सोपी युक्ती आहे. ध्रुवीकरण करणाऱ्या फिल्मचे दोन तुकडे एकमेकांवर आडवे-उभे धरले की उजेड अडतो. त्यांच्या मध्ये काचेचा मणी ठेवला तर तो काळाच राहतो, कारण काचेत स्फटिकरचना नसते. अकीक किंवा स्फटिकाचा मणी फिरवला की त्यातून उजेड पार होतो. फार घाईनं थंड झालेल्या काचेत ताण अडकलेला असला तर तिथेही फिकट पट्टे दिसू शकतात, तेवढा अपवाद लक्षात ठेवा.

निळसर-हिरवट झिलई असलेला, तुटलेल्या जागी पांढरा आणि दाणेदार दिसणारा मणी काचेचा नसून फाएन्सचा असतो. त्यात गारेच्या भुकटीच्या अंगावर झिलई चढवलेली असते. हडप्पा संस्कृतीतले असे मणी आणि बांगड्या प्रसिद्ध आहेत. काच आणि फाएन्स यांचं तंत्र नात्यातलं असलं तरी वेगळं आहे, आणि जुन्या अहवालांत या दोन नावांची सरमिसळ झालेली दिसते.

शेतकरी सगळ्यांत जास्त आणून दाखवतात ते काळे-हिरवे, चकचकीत, जड ढेकूळ. ते बहुधा लोखंडाच्या भट्टीचा मळ असतो किंवा वीटभट्टीत वितळलेली माती. मळ बहुतेक वेळा काचेपेक्षा जड लागतो, कधी चुंबकाला धरतो, आणि त्याच्या पोटात वेडीवाकडी भोकं असतात. तोही टाकून देऊ नका, त्यावरून त्या जागी भट्टी होती हे कळतं. मात्र ‘आमच्या शेतात काचेचा कारखाना होता’ असं म्हणायला तेवढा पुरावा पुरत नाही. आणि सगळी जुनी दिसणारी काच जुनीच असते असंही नाही. १९०८ साली तळेगाव दाभाड्याला पैसाफंडाचा काच कारखाना निघाला, पुढे ओगलेवाडीचे प्रभाकर कंदील घरोघरी गेले, आणि बोहेमियाकडून बांगड्या-मण्यांचा मालही येत होता. त्यांचे तुकडेही आज आपल्याच मातीत आहेत. साच्यात ओतलेल्या मण्याच्या अंगावर सरळ उभी शिवण दिसली तर घाईनं सातवाहनांचं नाव घेऊ नका.

मणी कसा घडला

जुन्या मण्यांच्या दोन मोठ्या जाती. पहिल्या जातीत लोखंडी सळईवर वितळलेली काच गुंडाळतात. भिंगातून पाहिलं तर बुडबुडे आणि रेघा भोकाभोवती वळसे घेताना दिसतात. दुसऱ्या जातीत काचेची पोकळ नळी ओढतात आणि तिचे बारीक काप करतात. साखरेच्या पाकाची तार ओढावी तसे आतले बुडबुडे लांब होतात आणि भोकाला समांतर धावतात. एवढं एक निरीक्षण मन लावून केलं तरी मण्याची अर्धी ओळख पटते.

ओढलेल्या बारीक मण्यांना अभ्यासक इंडो-पॅसिफिक मणी म्हणतात. पीटर फ्रान्सिस या अमेरिकन अभ्यासकानं हे नाव रूढ केलं. पुदुच्चेरीजवळचं अरिकामेडू, जिथे १९४५ साली मॉर्टिमर व्हीलर यांनी उत्खनन केलं, हे अशा मण्यांचं नावाजलेलं केंद्र. हे मणी बहुतेक पाच मिलिमीटरच्या आतबाहेरचे, अपारदर्शक तांबडे, नारिंगी, पिवळे, हिरवे, निळे, काळे. आफ्रिकेच्या किनाऱ्यापासून आग्नेय आशियापर्यंत ते सापडतात. ही रीत आंध्र प्रदेशातल्या पापानायडूपेटा गावात विसाव्या शतकापर्यंत टिकून होती, म्हणून अभ्यासकांना ती डोळ्यांनी पाहून लिहून ठेवता आली. लाडा नावाच्या लांब लोखंडी नळीवर वितळलेल्या काचेचा गोळा घेऊन त्याला पोकळ शंकूचा आकार देतात, भट्टीच्या दुसऱ्या तोंडाशी बसलेला कारागीर तिची नळी ओढत राहतो, थंड झाल्यावर नळ्यांचे काप करतात आणि ते राखेत घोळवून पुन्हा तापवतात. त्यामुळे कापाच्या धारदार कडा गोल होतात आणि राखेमुळे भोकं बुजत नाहीत. तुमच्या मण्याची टोकं अशी मऊ, गोलसर आहेत की कापल्यासारखी चपटी, हेही चिठ्ठीवर लिहा.

नुसते मणी सापडले तर ते तिथे वापरले गेले एवढंच म्हणता येतं. मणी तिथेच होत होते असं म्हणायला अर्धवट ओढलेल्या नळ्या, वेडेवाकडे चिकटलेले काप, काचेचे थेंब असा टाकाऊ माल हवा. कच्च्या मालापासून काचच तिथे होत होती असं म्हणायचं असेल तर मागणी आणखी वाढते: काच चिकटलेल्या मुशी, अर्धवट विरघळलेली वाळू, काचेसारख्या झालेल्या भट्टीच्या भिंती. काच बनवणं आणि काचेच्या वस्तू बनवणं हे दोन वेगळे धंदे होते आणि ते पुष्कळदा शेकडो मैल दूर असत. इस्रायलमध्ये हादेराजवळ बेत एलिएझर इथे अशा सतरा भट्ट्या ओळीनं सापडल्या. तिथे एका खेपेला कित्येक टन काच वितळवून तिचे तुकडे दूरच्या कारागिरांकडे जात. बेत शेअरीमच्या गुहेत तर जवळजवळ नऊ टनांची एकच लादी जागच्या जागी पडून आहे. त्या घाणीत चुना प्रमाणाबाहेर होता, काच बिघडली आणि ती कुणी फोडून नेली नाही. आपल्याकडे उत्तर प्रदेशातल्या कोपियाचं उत्खनन अलोक कुमार कानुंगो यांनी केलं, तेही काच नेमकी कुठे बनत होती या प्रश्नाच्या शोधातच.

बांगडीचा तुकडा हाती असेल तर तिचा मूळ व्यास काढता येतो, आणि विद्यार्थ्यांकडून करून घ्यायला हा उत्तम प्रयोग आहे. तुकड्याच्या आतल्या कमानीची दोन टोकं सरळ रेषेनं जोडा आणि ती लांबी मोजा. त्या रेषेच्या मध्यापासून कमानीची उंची मोजा. लांबीच्या वर्गाला उंचीच्या आठपटीनं भागा आणि त्यात उंचीचा निम्मा भाग मिळवा, की त्रिज्या मिळते. लांबी ४० मिलिमीटर आणि उंची ८ असेल तर १६०० भागिले ६४ म्हणजे २५, त्यात ४ मिळवून त्रिज्या २९. आतला व्यास ५८ मिलिमीटर, म्हणजे मोठ्या बाईच्या हाताची बांगडी. तीसच्या आसपास व्यास आला तर ती तान्ह्या मुलाची. सांधा दिसतो का तेही पाहा. काचेची कांडी वाकवून टोकं जोडलेली असतील तर जोड दिसतो. शंकूवर गोळा फिरवून रुंद केलेली बांगडी बिनजोड असते. नेवाशाला आणि कोल्हापूरच्या ब्रह्मपुरीला मध्ययुगीन थरांत बांगड्यांचे पुष्कळ तुकडे निघाले. ब्रह्मपुरीचं १९४५-४६ चं उत्खनन ह. धी. सांकलिया आणि मो. गं. दीक्षित यांचं. याच दीक्षितांचा भारतीय काचेच्या इतिहासावरचा इंग्रजी ग्रंथ मुंबई विद्यापीठानं १९६९ साली काढला. त्यातले निष्कर्ष आज काही ठिकाणी जुने झाले असले तरी या विषयाची सुरुवात अजून तिथूनच करावी.

रसायन काय सांगतं

शुद्ध वाळू वितळायला १७०० अंश सेल्सिअसच्या आसपास उष्णता लागते, आणि ती जुन्या भट्टीच्या आवाक्यात नव्हती. वाळूत खार घातला की हजार-अकराशे अंशांवर काम भागतं. नुसत्या वाळू-खाराची काच पाण्यात विरघळते, म्हणून चुन्याचा अंश हवा, आणि तो बहुधा वाळूतूनच येतो. खार कुठला वापरला यावर सगळी वर्गवारी उभी आहे. रोमन जगात इजिप्तच्या वादी नत्रूनमधला खनिज सोडा वापरत. त्या काचेत मॅग्नेशिया आणि पोटॅश प्रत्येकी दीड टक्क्याच्या आत असतं. खारवट वनस्पतींची राख वापरली की ही दोन्ही वाढतात.

भारतीय काचेची खूण वेगळी आहे. तिच्यात सोडा खनिजच, पण ॲल्युमिना भरपूर: भूमध्य काचेत दोन-तीन टक्के असतं, तर आपल्याकडे पाचपासून थेट पंधरापर्यंत. याचं कारण वाळूत आहे. ग्रॅनाइटसारख्या खडकांतून झिजून आलेल्या वाळूत फेल्डस्पार असतो आणि तो ॲल्युमिना घेऊन येतो. खार मात्र उत्तर भारतात जमिनीवर पांढरा फुलून येतो तो, ज्याला तिकडे रेह म्हणतात.

इथे आपल्या पठाराचा एक पेच आहे. सह्याद्री आणि मराठवाडा काळ्या बसाल्टचा. या दगडात गार जवळपास नसते, त्यामुळे इथल्या नदीच्या काळसर वाळूची काच होत नाही. चांगली सिलिका वाळू हवी तर सिंधुदुर्गात कासार्ड्याकडे जावं लागतं, किंवा पूर्व विदर्भातल्या ग्रॅनाइटी मुलखात. खार मात्र लोणारला होता. ‘ऐन-इ-अकबरी’त वऱ्हाडच्या वर्णनात, इथे काच आणि साबण करायला लागणाऱ्या वस्तू मिळतात अशी नोंद आहे. खार इथे आणि वाळू तिथे, तर मग काच कुठे वितळत होती? मराठवाड्यातल्या मण्यांचा अभ्यास करू पाहणाऱ्या विद्यार्थ्याला यापेक्षा चांगला प्रश्न मी सुचवू शकत नाही. तेव्हा तयार काच बाहेरून आली आणि इथे फक्त मणी झाले, ही शक्यता पहिल्या दिवसापासून डोक्यात असू द्या.

असे प्रश्न सुटू शकतात याचं उदाहरण रायगड जिल्ह्यातल्या चौलचं आहे. डेक्कन कॉलेजच्या विश्वास गोगटे यांनी तिथे उत्खनन केलं. शिकागोच्या फील्ड म्युझियममधल्या लॉर दुसूबिउ यांनी चौलच्या आणि केनियाच्या किनाऱ्यावरच्या मण्यांची तपासणी केली. ॲल्युमिना जास्त, त्यात युरेनियम जास्त आणि बेरियम कमी अशी एकच ओळख दोन्हीकडे निघाली. दक्षिण भारत आणि श्रीलंकेच्या जुन्या काचेत हे प्रमाण उलटं असतं. म्हणजे पश्चिम किनाऱ्यावरून मणी अरबी समुद्र ओलांडून जात होते, याचा पुरावा दशलक्षात काही भाग एवढ्या प्रमाणातल्या मूलद्रव्यांनी दिला. पुढे नमुने वाढले तसा याच गटातून एक अधिक जुना गट वेगळा काढावा लागला. तेव्हा गटांची नावं पाठ करण्यात अर्थ नाही, ती बदलतात.

रंगांबद्दल थोडक्यात. गडद निळा कोबाल्टचा, आकाशी तांब्याचा. अपारदर्शक तांबडाही तांब्याचाच, पण भट्टीत हवा कोंडून केलेला, म्हणून अवघड. भारतीय पिवळ्यात शिसं आणि कथील असतं, तर इजिप्त आणि रोमन जगाच्या जुन्या पिवळ्यात शिसं आणि अँटिमनी. ‘काळा’ मणी टॉर्चवर धरला तर पुष्कळदा जांभळा किंवा हिरवा निघतो. रंगावरून काळ ठरवणारे लोक भेटतील, त्यांचं ऐकून घ्या आणि सोडून द्या.

तपासणी करून घेताना

क्ष-किरणांनी मूलद्रव्यं मोजणारं, हातात धरायचं एक्सआरएफ यंत्र आता पुष्कळ ठिकाणी आहे, आणि पाच मिनिटांत निकाल मिळतो म्हणून मोह होतो. पण सोडियम आणि मॅग्नेशियम या हलक्या मूलद्रव्यांचे क्ष-किरण काचेच्या अगदी वरच्या पापुद्र्यातूनच बाहेर येतात, आणि हवेत ते यंत्रापर्यंत नीट पोचतही नाहीत. त्यातून जमिनीत शतकानुशतकं राहिलेल्या काचेच्या पृष्ठभागावरचा सोडा पाण्यानं निघून गेलेला असतो. म्हणजे ज्या आकड्यांवर वर्गवारी उभी आहे, नेमके त्यांतलेच दोन चुकतात. एक्सआरएफचा उपयोग रंगद्रव्यं ओळखण्यापुरता आणि मोठ्या ढिगातून नमुने निवडण्यापुरता करा. अलीकडच्या अभ्यासांत भर आहे तो लेझरच्या साह्यानं कण उडवून त्यांचं वस्तुमान मोजणाऱ्या पद्धतीवर. तिचा खड्डा केसाच्या जाडीएवढा, साध्या डोळ्यांना न दिसणारा असतो, आणि पन्नासावर मूलद्रव्यं एकदम मोजता येतात. प्रयोगशाळेला विचारायचे प्रश्न दोनच: झिजलेला थर ओलांडून मोजमाप केलं का, आणि माहीत असलेल्या प्रमाणित काचा सोबत मोजल्या का. कॉर्निंग म्युझियमच्या रॉबर्ट ब्रिल यांनी करवून घेतलेल्या अ, ब, क, ड या नमुना-काचा यासाठीच जगभर वापरतात. त्यांचे आकडे अहवालात नसतील तर बाकीच्या आकड्यांवर विसंबू नका.

नमुना देताना आधी फुटके तुकडे द्या, अखंड मणी शेवटी. एका रंगाचा एकच मणी देऊन निष्कर्ष काढू नका. जुनी काच पुन्हा वितळवण्याची चाल फार जुनी आहे, आणि अशा मिसळलेल्या काचेत दोन-तीन ठिकाणांच्या खुणा एकत्र येतात.

तोवर वस्तू सांभाळायची कशी? लिंबू, व्हिनेगर, भांडी घासायची पूड यांपैकी काही लावू नका. सुकी माती मऊ ब्रशनं झटका. अंगावर इंद्रधनुषी पापुद्रा असेल तर तोही झटकू नका, तो घाण नसून झिजलेली काचच आहे. ओल्या मातीतून निघालेला तुकडा उन्हात ठेवला तर पापुद्रे सुटतात, सावलीत हळूहळू वाळू द्या. कापसात गुंडाळू नका, तंतू अडकतात. बटर पेपर आणि भोकं पाडलेली प्लास्टिकची पिशवी पुरे. लाकडी कपाट टाळा, लाकडातून निघणाऱ्या आम्लाच्या वाफा काचेला खातात, पत्र्याचा डबा बरा. ओवलेली माळ असेल तर दोरा कापण्याआधी मण्यांच्या क्रमाचा फोटो घ्या, आणि जुना दोरा फेकू नका. तो सुती असेल तर त्यात कार्बन असतो, म्हणजे निदान माळ केव्हा ओवली हे काढता येण्याची शक्यता उरते.